यंत्राला जाग कोणी आणावी?

गेल्या वर्षी श्रावणात आमच्या शाळेच्या कचेरीतला संगणक एकाएकी मुका झाला. रात्रभर पावसाने झोडपले होते, वीज तीनदा जाऊन तीनदा आली होती. सकाळी हेडमास्तरांनी बटण दाबले तेव्हा दिवा लागला, आतला पंखा घरघरू लागला. पण पडद्यावर दोन इंग्रजी ओळींखेरीज काही उमटेना. त्या ओळींचा मथितार्थ एवढाच, की मला चालवणारी प्रणाली कोठे सापडत नाही.

कचेरीतले कागद गेले असते तर हेडमास्तर हळहळले असते आणि पुन्हा कामाला लागले असते. मी मात्र मटकन खाली बसलो. आमच्या शाळेची पंचाहत्तरी जवळ आली होती, आणि त्या निमित्ताने मी दोन वर्षांचे रविवार खर्ची घालून जुन्या विद्यार्थ्यांच्या आठवणी गोळा केल्या होत्या. वाड्यावस्त्यांवर जाऊन, ओसरीवर बसून, एकेका म्हाताऱ्याला बोलते करून लिहिलेल्या त्रेचाळीस आठवणी. त्यांतली नऊ माणसे तेवढ्या अवधीत निवर्तली होती. टिपणे मी थेट त्या संगणकावर उतरवली आणि कच्चे कागद टाकून दिले. माझ्या स्वतःच्या कादंबऱ्यांच्या हस्तलिखितांच्या मी दोन-दोन प्रती जपून ठेवतो. दुसऱ्यांच्या आठवणींची मात्र एकही जादा प्रत ठेवली नव्हती. ही कबुली आधीच देऊन टाकतो.

तालुक्याच्या गावाहून दुरुस्तीवाला आला. त्याने पाच मिनिटे पाहिले आणि म्हणाला, "विजेने गेला हो. फॉरमॅट मारू, नव्यासारखा होईल." फॉरमॅट म्हणजे पाटी पुसणे, एवढे मला ठाऊक होते. मी त्याला चहा पाजून वाटेला लावले.

संध्याकाळी आमच्या एका माजी विद्यार्थ्याला फोन केला. तो पुण्यास संगणकाच्याच नोकरीत आहे. तो म्हणाला, "सर, दाराची किल्ली हरवली म्हणून कोणी घर पाडत नाही. आपण खिडकीने आत जाऊ. पेनड्राइव्हवर एक छोटीशी प्रणाली घाला, यंत्र तिच्यावरून जागे करा, आणि आतल्या फायली बाहेर काढून घ्या. हार्ड डिस्कला तोवर धक्का लावू नका."

सांगणे सोपे होते. मदतीला दहावीतली एक मुलगी आली. तिला यात गती आहे. तिने पेनड्राइव्ह लावला, बटण दाबले, आणि पडद्यावर त्याच दोन ओळी! ह्या खटाटोपात आमचे चार दिवस गेले. पण त्या चार दिवसांत मला एक गोष्ट उमगली. संगणक हे यंत्र नवे म्हणून आपण त्याच्याकडे पाहतो. प्रत्यक्षात तो एखाद्या जुन्या वाड्यासारखा आहे. प्रत्येक पिढीने एक खोली वाढवली, पण आधीच्या पिढीची भिंत पाडली नाही. आम्ही अडत होतो ते अशाच जुन्या भिंतींपाशी.

*

मुळात अडचण काय आहे ती आधी सांगतो. संगणक स्वतःच्या बुद्धीने काही करत नाही. त्याच्या स्मरणात आज्ञा भरलेल्या असतात, त्या तो एकामागून एक पाळतो. परंतु वीज गेली की हे कामचलाऊ स्मरण कोरे होते. बटण दाबल्यावर डिस्कवरून आज्ञा उचलून स्मरणात आणायच्या, तर ते कसे करायचे हे सांगणाऱ्या आज्ञा तरी स्मरणात हव्यात! त्या कोण आणून ठेवणार?

कितीही कसलेला डोंबारी झाला तरी त्याला स्वतःच्या खांद्यावर चढता येत नाही, असा आपल्याकडच्या जुन्या तार्किकांचा एक दाखला आहे. इंग्रजीतही अशा अशक्य कसरतीसाठी एक म्हण आहे: आपल्याच बुटांच्या मागचे पट्टे धरून स्वतःला उचलणे. त्या पट्ट्याला 'बूटस्ट्रॅप' म्हणतात. संगणकाच्या संदर्भात हा शब्द १९५३ सालापासून छापील लिखाणात दिसू लागला, आणि पुढे त्याचे शेपूट गळून नुसता 'बूट' उरला. यंत्र 'बूट होत नाही' असे आज आपण म्हणतो, ते ह्या पट्ट्यामुळे.

पहिल्या पिढीने हा प्रश्न हाताने सोडवला. इंग्लंडातल्या मँचेस्टर येथे २१ जून १९४८ रोजी, आपल्याच स्मरणात साठवलेल्या आज्ञा पाळणारे पहिले इलेक्ट्रॉनिक यंत्र चालले. त्याला लाडाने 'बेबी' म्हणत. त्याचे स्मरण अवघे ३२ शब्दांचे, आणि पहिला कार्यक्रम १७ आज्ञांचा. त्या आज्ञा माणसाने बटणे दाबून एकेक करून आत घातल्या, आणि मग ते यंत्र ५२ मिनिटे आकडेमोड करत बसले. तिथे यंत्राला जागे करणारा माणूसच होता.

पुढच्याच वर्षी, मे १९४९ मध्ये, केंब्रिजला मॉरिस विल्क्स यांचे 'एडसॅक' सुरू झाले. तिथल्या डेव्हिड व्हीलर नावाच्या तरुणाने एक नामी गोष्ट केली. त्याने ३१ आज्ञांचा एक छोटा संच लिहिला. टेलिफोन एक्स्चेंजमध्ये वापरतात तसल्या फिरत्या स्विचांच्या तारांत तो संच कायमचा बांधून टाकला. बटण दाबले की ह्या ३१ आज्ञा आपोआप स्मरणात उतरत, आणि त्यांचे काम एकच: भोके पाडलेल्या कागदी फितीवरून पुढचा कार्यक्रम वाचून आत घेणे. त्यांचे नाव 'इनिशियल ऑर्डर्स', म्हणजे आरंभीच्या आज्ञा. आज जगातला कोणताही संगणक जागा होतो, तो ह्याच युक्तीच्या कोणत्या तरी रूपाने. थोडेसे कायमचे शिकवून ठेवायचे, आणि त्या थोड्याने पुढचे सारे आणायचे.

आपल्याकडेही तो काळ फार मागे नव्हता. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आपल्या लोकांनी बांधलेला संगणक १९६० साली कामाला लागला. १९६२ साली पंडित नेहरूंनी त्याचे 'टिफ्रॅक' असे नामकरण केले. त्याचे स्मरण २०४८ शब्दांचे होते. माझी मुलगी ज्या फोनवर गाणी ऐकते, त्याच्या नखाएवढ्या तुकड्यातही आज ह्याच्या लाखो पटींनी स्मरण असते. पण जाग येण्याची अडचण दोघांची एकच.

ही आरंभीची आज्ञा विसरली तर काय होते, याची एक गंमत आहे. १९७५ साली अमेरिकेत 'अल्टेअर ८८००' नावाचा घरगुती संगणक निघाला. त्याला कळफलक नाही, पडदा नाही. पुढे नुसती स्विचांची रांग आणि लाल दिवे. बिल गेट्स आणि पॉल ॲलन ह्या दोघा तरुणांनी त्याच्यासाठी बेसिक ही भाषा तयार केली, तीही असले यंत्र डोळ्यांनी न पाहता. फीत घेऊन ॲलन विमानाने आल्बुकर्कला निघाला. विमान उतरू लागले तेव्हा त्याच्या ध्यानात आले, की फीत आत घ्यायला सांगणाऱ्या आज्ञा लिहायच्याच राहिल्या! त्याने त्या तिथेच, विमानात बसून कागदावर उतरवल्या. दुसऱ्या दिवशी त्या स्विचांनी आत घातल्या, फीत वाचली गेली, आणि दोन अधिक दोन किती असे विचारताच यंत्राने चार हे उत्तर छापले. साऱ्या भाषेचे काम महिन्यांचे. पण त्या चिटोऱ्यावाचून ते पांगळेच राहिले असते.

*

आता आमच्या कचेरीत परत येऊ.

पहिल्या दिवशीची चूक साधी होती. त्या मुलीने प्रणालीची फाइल पेनड्राइव्हवर नुसती उतरवून ठेवली होती, जशी आपण गाण्याची फाइल ठेवतो. पुण्याहून आमचा विद्यार्थी फोनवर हसला. १९८१ साली आय.बी.एम. कंपनीचा 'पीसी' आला, तेव्हा आरंभीच्या आज्ञा एका चिपमध्ये कोरल्या होत्या. तिला 'बायोस' म्हणतात. बायोस फार भोळा. तो फ्लॉपीच्या पहिल्या ५१२ बाइटांचा घास उचलतो आणि त्यात लिहिले असेल ते पाळतो. पुढे हार्ड डिस्क आली तेव्हा तिच्याबाबतही तोच रिवाज राहिला, आणि घासाच्या शेवटच्या दोन बाइटांत ठरलेली खूण हवी अशी अट आली. फाइल कोठे तरी मध्ये नुसती ठेवली तर यंत्राला तिचा पत्ताच लागत नाही. ती एका खास साधनाने 'लिहावी' लागते, म्हणजे आरंभीच्या आज्ञा आपापल्या ठरलेल्या जागी बसतात.

तसे लिहिले. तरी त्याच दोन ओळी.

दुसऱ्या दिवशी क्रम तपासला. पहिला पीसी आधी फ्लॉपी पाही. ती नसेल तर पोटातली बेसिक भाषा उघडून बसे. पुढे हार्ड डिस्क आली, मग सीडी आली, आणि कोणाकडे आधी पाहायचे याची यादी करावी लागली. यंत्र सुरू होताना एफ-२ किंवा डिलीट अशी ठरलेली कळ दाबली की ही यादी उघडते. आमच्या यादीत हार्ड डिस्क पहिली होती आणि पेनड्राइव्हचे नाव कोठेच नव्हते! पुढच्या निळ्या भोकातून काढून तो मागच्या काळ्या भोकात लावून पाहिला; कारण यूएसबीची २००८ साली आलेली तिसरी आवृत्ती काही यंत्रांना आरंभीच्या क्षणी ओळखता येत नाही. त्यानेही काही झाले नाही.

ह्या यूएसबीशी आपलेही थोडे नाते आहे. तिच्या जनकांत गणले जाणारे अजय भट्ट बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात शिकले. तिची पहिली आवृत्ती १९९६ साली आली. त्यापूर्वी प्रत्येक उपकरणाला वेगळे भोक आणि वेगळी तार असे. ह्या मंडळींनी सर्वांना एकच दार केले. २००० साली पेनड्राइव्ह बाजारात आले. पण बायोस त्याआधीचा, त्याला हा पाहुणा अनोळखी. म्हणून पेनड्राइव्हला हार्ड डिस्कचे सोंग घ्यावे लागले. सीडीनेही १९९५ साली असेच फ्लॉपीचे सोंग घेतले होते. त्या योजनेचे नाव 'एल टोरिटो'. ज्या खाणावळीत बसून इंजिनियरांनी ती आखली, तिचेच हे नाव, असे सांगतात.

तिसऱ्या दिवशी खरी गाठ सापडली. जुना बायोस आणि ५१२ बाइटांचा घास किती वर्षे पुरणार? जुन्या रिवाजाने डिस्कचे सुमारे दोन टेराबाइटच हिशेबात धरता येत. म्हणून इंटेल कंपनीने नव्वदीच्या दशकाअखेरीस नवी पद्धत आखली आणि २००५ पासून अनेक कंपन्यांनी मिळून ती पुढे चालवली. तिचे नाव 'यूईएफआय'. ही पद्धत आंधळेपणाने पहिला घास उचलत नाही. ती डिस्कवरचे कप्पे वाचते, त्यांत 'ईएफआय' नावाचे दालन शोधते आणि तिथली ठरलेली फाइल उघडते. आमचा पेनड्राइव्ह लिहिला होता जुन्या पद्धतीने, आणि यंत्र पाहत होते नव्या पद्धतीने. मोडीत लिहिलेली चिठ्ठी बालबोध वाचणाऱ्याच्या हाती द्यावी, तसे झाले. मुलीने साधनातला पर्याय बदलून पेनड्राइव्ह पुन्हा लिहिला. यादीत त्याचे नाव झळकले! आम्ही टाळ्या पिटल्या.

पण बटण दाबताच पडद्यावर लाल चौकट आली: सही ओळखीची नाही, प्रवेश नाही.

ही भिंत सर्वांत अलीकडची, आणि ती उभी राहण्याला कारण आहे. बायोसच्या भोळेपणाचा फायदा लबाडांनी घेतला. १९८६ साली लाहोरच्या दोघा भावांनी लिहिलेला 'ब्रेन' नावाचा विषाणू फ्लॉपीच्या त्या पहिल्या घासातच दडून बसे आणि एका यंत्रातून दुसऱ्यात जाई. पहारेकरी जागा होण्यापूर्वीच चोर घरात, अशी ही रीत. पुढे अशांची पैदास वाढली. म्हणून २०११ साली यूईएफआयमध्ये 'सिक्युअर बूट'चे नियम आले, आणि २०१२ सालच्या विंडोज ८ बरोबर ते घरोघर पोचले. ओळखीची सही असेल त्यालाच यंत्र जागे करू देते. आमची छोटी दुरुस्तीची प्रणाली सही न केलेली होती. कुलूप आमच्या भल्यासाठीच होते, पण आज आम्हीच बाहेर उभे होतो. यादीच्याच पानावर सिक्युअर बूट तात्पुरते बंद केले.

तिसऱ्या दिवशी सायंकाळी सव्वासहाला पडद्यावर निळे चित्र उमटले. मुलीने हार्ड डिस्क उघडली. माझ्या फायलींची नावे दिसली, एकाखाली एक. माझ्या डोळ्यांना पाणी आले हे सांगायला लाज वाटत नाही. आणि तेवढ्यात वीज गेली.

*

रात्री मला झोप आली नाही. चौथ्या दिवशी सकाळी वीज होती. बटण दाबले. त्याच दोन ओळी! यादी उघडली तर क्रम पूर्वीचा, सिक्युअर बूट पुन्हा चालू. आम्ही केलेले सारे पुसलेले. दुरुस्तीवाल्याचे शब्द कानात घुमू लागले. मी खुर्चीला टेकून बसलो.

मुलगी मात्र पडद्याच्या कोपऱ्याकडे टक लावून पाहत होती. म्हणाली, "सर, ह्याच्यात तारीख बघा. २०१३ सालचा जानेवारी आहे."

ती तारीख चारही दिवस तिथे होती. आम्ही तिघाचौघांनी पाहिली असेल, पण वाचली कोणीच नव्हती.

पुण्याला फोन केला. तिकडून क्षणभर काही आवाज आला नाही, मग आमचा विद्यार्थी म्हणाला, "सर, सेल संपलाय." १९८४ सालच्या 'पीसी-एटी'पासून संगणकाच्या पोटात एक लहानसा सेल असतो. वीज नसताना घड्याळ चालू ठेवणे आणि आपल्या निवडी लक्षात ठेवणे हे त्याचे काम. तो संपला की वीज तुटताच यंत्र सारे विसरते आणि कारखान्यातून निघाले तेव्हाच्या समजुतींवर परत जाते.

"पण मग," तो म्हणाला, "डिस्कला काही झालेच नसेल. शाळेला यंत्र मिळाले तेव्हा आत प्रणाली जुन्या पद्धतीने घातली असेल, आणि यंत्राला तसे सांगून ठेवले असेल. सेल गेला, ते सांगणे पुसले गेले. आता ते नव्या पद्धतीने शोधते आणि त्याला आपलेच घर सापडत नाही."

मुलगी सायकलने घड्याळवाल्याकडे गेली आणि चकतीएवढा सेल घेऊन आली. वीज बंद करून, तार काढून तो बदलला. यादीच्या पानावर आजची तारीख घातली, सिक्युअर बूट बंद केले, पद्धत जुनी निवडली. पेनड्राइव्ह लावलाही नव्हता. बटण दाबले, आणि नेहमीचे चित्र, नेहमीच्या आवाजासह, समोर उभे राहिले. विजेने काही गेले नव्हते. यंत्राला फक्त जाग कशी यायची ते आठवत नव्हते. आणि त्या अज्ञानापायी आम्ही सारे पुसायला निघालो होतो!

आधी त्रेचाळीस आठवणींच्या तीन प्रती केल्या: एक पेनड्राइव्हवर, एक पुण्याला, एक छापील.

छापताना एका आजींचे पान हाती आले. शाळा निघाली तेव्हा पहिल्या वर्गात मुली दोनच, त्यांतल्या ह्या एक. ज्येष्ठातच त्या गेल्या. पहिल्या दिवशी आपल्याला पाटीवर काही काढता येईना, पेन्सिल कशी धरायची तेही ठाऊक नव्हते. मग गुरुजींनी मागे बसून, त्यांचा हात आपल्या हातात धरून 'श्री' गिरवला, असे त्यांनी मला सांगितले होते. पुढचे आपण आपल्या बळावर शिकलो. पण तो पहिला 'श्री' आपला नव्हता, असेही त्या म्हणाल्या होत्या. मी ते दोन वर्षांपूर्वी लिहून घेतले होते. त्याचा अर्थ मला श्रावणातल्या त्या दिवशी कळला.

व्हीलरच्या एकतीस आज्ञा काय, ॲलनचा विमानातला चिटोरा काय, नि गुरुजींचा हात काय, मला ही एकाच जातीची कामे वाटतात. आपल्या बुटांचे पट्टे धरून कोणी स्वतःला उचलत नाही. कोणीतरी आधी येऊन थोडेसे ठेवून गेलेले असते, आणि ते जोवर चालते तोवर आपल्याला त्याची आठवणही होत नाही.

आमच्या कचेरीत कपाटाच्या दाराला आतून आता एक कागद चिकटवलेला आहे. संगणक जागा झाला नाही तर काय काय पाहायचे, ते त्या मुलीने वळणदार अक्षरात ओळीने लिहून ठेवले आहे: पेनड्राइव्ह नीट लिहिला आहे का, क्रम कोणता, भोक कोणते, पद्धत जुनी की नवी, सिक्युअर बूट बंद केले असेल तर काम झाल्यावर शक्य तेथे पुन्हा चालू करणे. आणि कोणी काहीही सांगितले तरी प्रत काढल्यावाचून फॉरमॅट करू न देणे. ती यंदा शाळा सोडून कॉलेजात गेली. कागद मात्र राहिला आहे.

त्याची पहिली ओळ अशी आहे: 'आधी कोपऱ्यातली तारीख वाचा.'